रोमान्स भाषा नक्की किती? चावी आणि पाव हातात घेऊन केलेली मोजदाद

प्रश्न आधी पुन्हा मांडते, म्हणजे नंतर वाचणाऱ्यांचा घोळ होणार नाही. तुम्ही भाषाविज्ञानात एम. ए. करताय, रोमान्स भाषांतल्या, म्हणजे लॅटिनमधून निघालेल्या फ्रेंच, इटालियन, स्पॅनिश वगैरे भाषांतल्या, विविधतेवर छोटा प्रबंध लिहायचा आहे आणि पहिल्याच पानावर गाडी अडली आहे. एका पुस्तकात रोमान्स भाषा पाच, दुसऱ्यात दहा, एका यादीत चाळीसच्या वर. मार्गदर्शकांना एक आकडा हवाय. शिवाय नेपोलितानला इटालियनची बोली म्हणायचं की वेगळी भाषा, आणि हे आपल्या मराठी-मालवणीसारखंच प्रकरण आहे का, असंही विचारलंय.

आकडा हवाच असेल तर 'सहा' लिहा आणि शेजारी साल घाला, १८३६. त्या वर्षी फ्रीड्रिश डीट्स या जर्मन अभ्यासकाच्या रोमान्स व्याकरणाचा पहिला खंड निघाला. त्यानं सहा भाषा धरल्या होत्या : इटालियन, रुमानियन, स्पॅनिश, पोर्तुगीज, प्रोव्हान्साल आणि फ्रेंच. कातालानला वेगळा पाट नाही, सार्दिनियन पंगतीतच नाही. मार्गदर्शक म्हणतील, "हे जुनं झालं, आज किती?" मग त्यांनाच विचारा, की सर, काय मोजू? कारण अडचण आकड्याची नाहीये. 'भाषा' हा एकच शब्द आपण तीन वेगळ्या गोष्टींसाठी वापरतो आणि तिन्हींची बेरीज एकाच रकान्यात करायला जातो. बोलण्याची घडण किती वेगळी, हे एक. कोणाला कोणाचं कळतं, हे दुसरं. आणि सरकार, शाळा, स्वतः बोलणारे तिला काय म्हणतात, हे तिसरं. तिन्हींची उत्तरं क्वचितच जुळतात.

मी पोर्तुगीज आणि इटालियन शिकवते. त्याआधी काही वर्षं उत्तर इटलीतल्या डोंगराळ गावांत बोलींची ध्वनिमुद्रणं केली. त्यामुळे माझा कल पहिल्या गोष्टीकडे, म्हणजे घडणीकडे आहे, हे आधीच सांगून टाकते. शिरगणती किंवा भाषांतराचा धंदा करणाऱ्याला विचारलंत तर तो वेगळं सांगेल, आणि त्याच्या कामापुरतं ते बरोबरही असेल.

घडणीचं मोजमाप कसं करतात ते आपल्या घरातल्या वस्तूंवरूनच दाखवते.

लॅटिनमध्ये किल्लीला 'क्लाविस' म्हणत. पुढच्या भाषा ज्या रूपावरून आल्या ते 'क्लावेम'. आता बघा. कातालानमध्ये 'क्लाउ', फ्रेंचमध्ये 'क्ले', इटालियनमध्ये 'क्यावे', रुमानियनमध्ये 'केये', स्पॅनिशमध्ये 'यावे'. आणि मराठीत चावी. ही आपल्याकडे आली पोर्तुगीजांकडून. गंमत अशी, की आज लिस्बनमध्ये हा शब्द 'श'नं सुरू होतो. 'शाव्ह' म्हणतात, शेवटचा स्वर तर जवळजवळ गिळूनच टाकतात. मग आपला 'च' कुठून आला? १५१० साली गोवा घेणारे पोर्तुगीज 'च'च म्हणत होते. 'चावणे'तला दातावरचा च नव्हे, 'चहा'तला. पुढे लिस्बनकडे त्या 'च'चा 'श' झाला. पोर्तुगालच्या ईशान्य कोपऱ्यात, त्राझ-ऊझ-मोंतेशच्या डोंगरांत, जुना 'च' अजून ऐकू येतो. म्हणजे आपण जी चावी खिशात घेऊन फिरतो तिची घडण राजधानीतल्या चावीपेक्षा जुनी आहे. वर्गात हे सांगितलं की पोरं आपापल्या किल्ल्या काढून बघतात.

तर मग नियम सापडला का? शब्दाच्या सुरुवातीला लॅटिन 'क्ल'चा 'च' झाला की पोर्तुगीज, असं म्हणून नकाशावर रेघ ओढावी? ओढून बघा. ती रेघ थेट उत्तर इटलीतून निघते. तोरिनो आणि मिलानकडे किल्ली 'चाव', जेनोआला 'चावे'. फक्त चावीवर विसंबलात तर गोवा जिंकणारे आणि जेनोआचे व्यापारी एकाच पोत्यात पडतील.

म्हणून दुसरी वस्तू घ्यायची, पाव. लॅटिन 'पानेम'. स्पॅनिशमध्ये 'पान', इटालियनमध्ये 'पाने', जेनोआलाही न शाबूत आहे. पोर्तुगीजमध्ये मात्र दोन स्वरांच्या मधला न विरघळला आणि जाता जाता स्वराला अनुनासिक करून गेला : 'पांव'. आपण त्याचा पाव केला. 'लेइलांव'चा लिलाव केला तोही त्याच साच्यातून. आता चावी आणि पाव या दोन रेघा एकदम ओढल्या तर जेनोआ बाहेर पडतं.

पण अजून एक पाहुणा उरतोच. स्पेनच्या वायव्य टोकाला, पोर्तुगालच्या डोक्यावर, गालिसिया आहे. तिथे किल्ली 'चाबे', आणि तिच्यात तो जुना 'च' आजही जिवंत आहे. पाव मात्र 'पान'. म्हणून स्पॅनिशच्या खात्यात टाकावं, तर चंद्राला ते 'लुआ' म्हणतात, अगदी पोर्तुगीजसारखं, न गाळून. स्पॅनिश 'लूना'. म्हणजे तीन शब्दांत तीन वेगवेगळ्या रेघा झाल्या, आणि गालिसिया एका रेघेनं इकडे, दुसरीनं तिकडे. पोर्तुगीज आणि गालिसियन एक की दोन? मध्ययुगात एकच होती, याबद्दल कोणी वाद घालत नाही. आजचं उत्तर तुम्ही पाव हातात धरता की चंद्राकडे बघता यावर अवलंबून आहे.

इथे एक सावधगिरी. पोर्तुगीजमध्ये साबणाला 'साबांव' म्हणतात, म्हणून साबण त्यांच्याकडून आला असं बरेचजण ठोकून देतात. पण तसं असतं तर पाव आणि लिलावासारखा शेवटी 'आव' यायला हवा होता. आपल्या शब्दात 'ण' आहे, कारण तो अरबी-फारसी 'साबून'वरून आलाय. तो अरबी शब्दही फिरत फिरत लॅटिनपर्यंतच पोचतो ही गोष्ट निराळी. सारखेपणा दिसला की नातं जोडू नका, आवाजाचा नियम लागतो का ते तपासा.

अशा रेघांच्या जुडग्यावरून भाषा ठरवायची ही युक्ती काही माझी नाही. १८७३ साली ग्राझियादियो इझाइया आस्कोली या इटालियन पंडितानं ती वापरली. फ्रान्सच्या पूर्वेला, स्वित्झर्लंडच्या पश्चिम भागात आणि इटलीच्या आओस्ता खोऱ्यात जे बोलतात ते ना फ्रेंच, ना दक्षिणेची ओक्सितान (डीट्सच्या यादीतली प्रोव्हान्साल), असं त्यानं दाखवलं आणि त्याला नाव दिलं फ्रँको-प्रोव्हान्साल. एक उदाहरण देते. कुरणाला लॅटिनमध्ये 'प्रातुम'. फ्रेंचनं 'आ'चा 'ए' करून 'प्रे' केलं, ओक्सितानमध्ये 'प्रात' राहिलं, या मधल्या पट्ट्यात 'प्रा'. म्हणजे स्वर दक्षिणेचा आणि शेवटचा त गाळण्याची खोड उत्तरेची. आस्कोलीचं म्हणणं असं, की यातलं एकेक लक्षण शेजाऱ्याकडेही सापडेल. वेगळेपण आहे ते नेमक्या जुळणीत.

यावर पॅरिसहून पॉल मेयेरनं हरकत घेतली. तो म्हणाला, लक्षणं निवडलीत तुम्ही, गट पाडलेत तुम्ही. दुसरी लक्षणं घेतली असतीत तर दुसरे गट पडले असते. पुढे १८८८ मध्ये गास्तों पारीनं हेच जोरात सांगितलं : फ्रान्सभर एका गावाचं बोलणं नकळत पुढच्या गावात मिसळत जातं, मध्ये भिंत कुठेच नाही. दीडशे वर्षं होत आली, हा वाद मिटलेला नाही आणि मिटायची गरजही नाही. माझा अनुभव असा, की पायी फिरताना मेयेर बरोबर वाटतो आणि संध्याकाळी टिपणं जुळवताना आस्कोली.

पायी फिरण्याबद्दल थोडं सविस्तर सांगते, कारण तुमच्या प्रबंधात तुम्ही दुसऱ्यांचे नकाशे वापरणार आहात आणि ते कसे तयार होतात हे माहीत असलेलं बरं.

इटलीच्या नकाशावर ला स्पेत्सियापासून रिमिनीपर्यंत एक तिरकी रेघ ओढलेली दिसेल. वाल्टर फॉन वार्टबुर्गनं १९३०च्या दशकात तिच्यावरून रोमान्सची पूर्व-पश्चिम अशी वाटणीच करून टाकली. रेघेच्या उत्तरेला आणि पश्चिमेला स्वरांमधले कठोर व्यंजन मृदू होतात किंवा जातात. 'मैत्रीण' हा शब्द घ्या : इटालियन 'अमीका', स्पॅनिश 'अमीगा', फ्रेंच 'अमी'. क, मग ग, मग काहीच नाही. हे वाचून मराठी माणसानं चकित व्हायचं कारण नाही. संस्कृत घोटकातल्या 'ट'चा आपण 'ड' करून घोडा केला, आणि सूचीतला 'च' तर पार गाळून सुई केली. आपल्या प्राकृतांनी जे केलं तेच तिकडे झालं. व्यंजन दोन स्वरांत सापडलं की झिजतं.

पण प्रत्यक्षात ही एक रेघ नाही. प्रत्येक लक्षणाची रेघ दोन-चार डोंगर इकडेतिकडे जाते. म्हणून काहीजण तिला मास्सा–सेनिगाल्लिया रेघ म्हणणं पसंत करतात. सार्दिनियावर तर ती पूर्ण फसते. तिथे अनेकवचन पश्चिमेसारखं 'स' लावून होतं, पण बेटाच्या मध्यभागी, नुओरोकडे, स्वरांमधली कठोर व्यंजनं पूर्वेसारखी तशीच्या तशी आहेत. लॅटिन 'केंतुम'मधला (म्हणजे शंभर) 'क'सुद्धा तिथे अजून 'क'च आहे. इटालियनमध्ये त्याचं 'चेंतो' होऊन किती शतकं लोटली!

या रेघेच्या उत्तरेला, एमिलियाच्या बाजूच्या एका गावात, मी पहिल्यांदा प्रश्नावली घेऊन गेले. एका म्हातारीच्या स्वयंपाकघरात बसले होते. चुलीवर चेस्टनट भाजत होते, यंत्र चालू केलं आणि यादीप्रमाणे विचारायला लागले. "भावाला तुमच्या बोलीत काय म्हणता?" म्हातारी पाठ ताठ करून, शाळेत उभी राहिल्यासारखी म्हणाली, "फ्रातेल्लो." शुद्ध इटालियन. मी टिपलं. असे चाळीसेक शब्द झाले, सगळे शुद्ध. मनात म्हटलं, गेली इथली बोली, उशीर झाला आपल्याला. तेवढ्यात अंगणात गाडी थांबली. शेजारीण ओट्याशी उभी होती, तिच्याकडे वळून म्हातारी सहज म्हणाली, "मे फ्रादेल." माझा भाऊ आलाय. एका शब्दात तीन गोष्टी मिळाल्या : मधल्या 'त'चा 'द', जोड 'ल्ल'चा एकेरी ल, आणि शेवटचा 'ओ' गायब. चाळीस शब्दांची वही मी त्या रात्री बाजूला ठेवली. दुसऱ्या दिवसापासून शब्द विचारायचं बंद केलं आणि वस्तूंकडे बोट दाखवायला लागले. तेही जमलं नाही तर नुसती बसायचे, त्यांच्या त्यांच्या गप्पा चालू द्यायचे.

या धंद्यातला सगळ्यात मोठा उद्योग १८९७ ते १९०१ या काळात झाला. झ्यूल झिल्येरोंनं फ्रान्सचा भाषिक नकाशासंग्रह करायचं ठरवलं आणि गावं फिरायला पंडित न पाठवता सें-पोलचा एक किराणा दुकानदार पाठवला, एदमों एदमों. हो, लिहिताना नाव-आडनाव वेगळी, उच्चारात एकच. कान तीक्ष्ण, डोक्यात सिद्धान्त नाहीत, हीच त्याची लायकी. तो ६३९ ठिकाणी गेला. दंडक असा, की पहिलं उत्तर जे येईल तेच टिपायचं, नंतर दुरुस्ती नाही. तोही 'हे कसं म्हणता?' असंच विचारत असे, म्हणून माझ्या म्हातारीसारख्या ताठ बसलेल्या काही म्हाताऱ्या त्याच्या वह्यांतही असणार. तरी १९०२ ते १९१० मध्ये छापलेले ते नकाशे आजही उघडले की वेळ कसा जातो कळत नाही.

त्यातलाच एक किस्सा. नैर्ऋत्य फ्रान्समध्ये गास्कोनी म्हणून प्रांत आहे. तिथल्या एका भागात शब्दाच्या शेवटी आलेल्या लॅटिन 'ल्ल'चा 'त' होतो. कोंबड्याला लॅटिनमध्ये 'गाल्लुस', म्हणजे नियमानं 'गात' व्हायला हवं. मांजर लॅटिनमध्ये 'कात्तुस', त्याचंही तिथे झालं 'गात'. आता शेतकऱ्याच्या घरात 'गातनं गात खाल्ला' अशी बातमी आली तर काय समजायचं? तर त्या भागात कोंबड्याचा जुना शब्दच गेला. काही गावांनी फेझंट पक्ष्याचं नाव कोंबड्याला दिलं, काहींनी लॅटिन 'विकारियुस'वरून आलेला, अंमलदाराला लावायचा शब्द दिला. पहाटे उठून सगळ्यांवर ओरडतो, तेव्हा अगदीच चूक नाही. झिल्येरोंनं दाखवलं ते असं, की कोंबड्याला अशी उसनी नावं जिथे आहेत त्याची हद्द आणि 'ल्ल'चा 'त' होतो त्याची हद्द तंतोतंत जुळते. एक ध्वनी बदलला आणि त्यापायी एक शब्द मेला, हे नकाशाशिवाय कोणाच्या लक्षातही आलं नसतं. तुमच्या प्रबंधात 'विविधता' हा शब्द दहा वेळा घालण्यापेक्षा असा एक नकाशा नीट समजावून द्या.

आता नेपोलितान. ती 'इटालियनची बोली' नाही, एवढं मी ठामपणे सांगेन. इटालियनमध्ये 'दियालेत्तो' म्हणतात हे खरं, पण त्या शब्दाचा तिथला अर्थ 'प्रमाण इटालियनपासून फुटलेली फांदी' असा नाही. प्रमाण इटालियन म्हणजे मुळात चौदाव्या शतकातली फ्लोरेन्सची लिहिती बोली. पुढे सोळाव्या शतकात पिएत्रो बेम्बोनं तिचीच शिफारस केली आणि ती वर चढली. नेपल्सचं बोलणं तिच्यातून निघालेलं नाही, दोघी लॅटिनच्याच मुली. उलट नेपल्सकडची बाजू लिहायला आधी लागली. नेपल्सजवळच्या कापुआ इथल्या जमिनीच्या दाव्याचा ९६० सालचा कागद आहे. त्यात साक्षीदाराचं वाक्य लोकभाषेत जसंच्या तसं उतरवलंय : 'साओ को केल्ले तेर्रे…', म्हणजे मला ठाऊक आहे की त्या जमिनी… इटलीतल्या लोकभाषेचा हा पहिला निर्विवाद पुरावा, आणि तो फ्लोरेन्सचा नाही.

घडण बघायची तर नेपोलितानमध्ये शब्दाचा शेवटचा स्वर पुसट होतो, सगळे जवळजवळ सारखेच ऐकू येतात. मग एकवचन-अनेकवचन कळणार कसं? तर फरक शब्दाच्या पोटात गेलाय. महिना 'मेस', महिने 'मीस', आणि दोन्हींच्या शेवटी तोच अस्पष्ट अ. आणखी एक आवडतं उदाहरण देते. 'ओ फिएर्र' म्हणजे लोखंडाचं एखादं अवजार. 'ओ फ्फिएर्र', पहिलं व्यंजन दुहेरी, म्हणजे लोखंड हा धातू. मोजता येणारी वस्तू आणि न मोजता येणारं द्रव्य यांतला हा भेद नुसत्या एका द्वित्तावर उभा आहे. प्रमाण इटालियनला हा माहीतच नाही. बिघडलेल्या इटालियनमध्ये ही सोय कुठून येणार?

मालवणीची तुलना म्हणूनच अर्धी लागू आहे. प्रमाण मराठीही मालवणीची आई नाही. एकोणिसाव्या शतकात पुण्याकडची लिहिती भाषा छापखान्यात आणि शाळेत गेली म्हणून ती प्रमाण झाली. 'बोली म्हणजे प्रमाणभाषेची बिघडलेली आवृत्ती' हा गैरसमज दोन्हीकडे सारखाच. मात्र त्यावरून अंतरही तेवढंच आहे असं धरू नका, ते रेघा मोजूनच ठरवावं लागेल. कोकणीचं म्हणाल तर १९८७ला गोव्यात ती राजभाषा झाली, १९९२ला आठव्या अनुसूचीत गेली. हे तिसऱ्या प्रकारचं उत्तर झालं, कायद्याचं.

हे तिसरं उत्तर किती झपाट्यानं बदलतं ते मोल्दोव्हात बघा. तिथल्या १९९४च्या घटनेत भाषेचं नाव 'मोल्दोव्हन' होतं. २०१३ला घटना न्यायालयानं 'रुमानियन'च्या बाजूनं निकाल दिला आणि मार्च २०२३मध्ये संसदेनं सगळ्या कायद्यांतून नाव बदलून 'रुमानियन' केलं. यादीतली एक भाषा कमी झाली. कीशिनावच्या बाजारात भाजी विकणाऱ्या बाईच्या तोंडातला एक स्वरही हलला नाही. इटलीचा १९९९चा ४८२ क्रमांकाचा कायदा घ्या. त्यानं बारा अल्पसंख्य भाषासमूह मान्य केले. त्यांत सार्दिनियन, फ्रियुलियन, लादिन, ओक्सितान आहेत. नेपोलितान नाही, सिसिलियन नाही, व्हेनेशियन नाही. कायद्यानं इतकंच सांगितलं की कोणाच्या शाळेला आणि पाटीला संरक्षण मिळेल. आणि स्वित्झर्लंडची रोमान्श १९३८पासून राष्ट्रभाषा आहे, पण तिची लिखित रूपंच पाच. १९८२मध्ये हाइनरिश श्मिड यांनी सर्वांसाठी सहावं घडवलं. ते कार्यालयांत चालतं, स्वयंपाकघरात कोणी बोलत नाही. तिला एक धरायचं, पाच की सहा?

मोजणाऱ्यागणिक आकडा कसा फिरतो त्याचा माझा आवडता नमुना १८६१चा आहे. त्या वर्षी इटली एक झाली. अडीच कोटी लोकांपैकी इटालियन येणारे किती होते? तुल्लिओ दे माउरो यांचा अंदाज अडीच टक्के. पुढे आर्रिगो कास्तेल्लानी यांनी हिशोब केला तो नऊ-दहा टक्क्यांवर गेला. माणसं तीच, साल तेच. दे माउरोंनी मुख्यतः शिकलेले धरले. कास्तेल्लानींचं म्हणणं, तोस्कानात, म्हणजे फ्लोरेन्सच्या प्रांतात, आणि आसपास जन्मलेल्यांना शाळेत न जाताही ती येतच होती, त्यांना का वगळता? पहिल्याला इटालियन ही शिकायची भाषा दिसली, दुसऱ्याला काहींची जन्मभाषाही.

कोणाला कोणाचं कळतं, हा दुसरा निकष मी जरा झटकूनच टाकते. तो दोन्ही दिशांनी सारखा चालत नाही. पोर्तुगीज माणसाला स्पॅनिश जितकं समजतं तितकं स्पॅनिश माणसाला पोर्तुगीज समजत नाही, कारण पोर्तुगीज बोलताना स्वर गिळतात. शिवाय सवय, टीव्ही, गरज, समोरच्याबद्दलची आस्था हे सगळं त्यात मिसळतं. भाषांतरकाराच्या कामाला हा निकष येतो. वर्गीकरणाला त्याचा उपयोग नाही.

तेव्हा प्रबंधापुरतं असं करा. पहिल्या पानावर आकडा न देता लिहा की हा प्रबंध अमुक लक्षणांच्या आधारे तुलना करतो. पाच-सहा लक्षणं पुरेत : स्वरांमधली कठोर व्यंजनं, अनेकवचनाची खूण, 'क्ल'चं काय झालं, 'केंतुम'मधला क, नामाला लागणारं उपपद (इंग्रजीतल्या 'द'सारखं) आधी येतं की मागून. हे शेवटचं जरूर घ्या. रुमानियनमध्ये लांडगा 'लुप' आणि तो ठरावीक लांडगा 'लुपुल', उपपद शेपटीला. सार्दिनियनमध्ये ते आधीच येतं, पण 'सु' आणि 'सा', लॅटिनच्या वेगळ्याच शब्दावरून. उभ्या ओळीत ठिकाणं लिहा, भाषांची नावं नकोत. 'इटालियन' न लिहिता फ्लोरेन्स, नेपल्स, जेनोआ, नुओरो. नावं शेवटच्या रकान्यात, आणि कोणी दिलेली ते लिहून. मार्गदर्शक हटूनच बसले तर डीट्सचे सहा आहेतच.

एवढं झालं आणि हाताशी दोन दिवस असतील तर युरोपला जायची गरज नाही. अलिबागहून रेवदंड्याला जा, खाडी ओलांडली की कोर्लई. पोर्तुगीज तिथून १७४० साली गेले, चौल मराठ्यांकडे आलं. पण गावातल्या ख्रिस्ती वस्तीत त्यांच्या भाषेतून घडलेली क्रिओल, म्हणजे भाषांच्या संपर्कातून जन्मलेली मिश्र भाषा, आजही घराघरात बोलतात. 'नो लिंग' म्हणतात तिला, आमची भाषा. शब्द बहुतेक पोर्तुगीज, पण क्रियापद मराठीसारखं वाक्याच्या शेवटी, आणि मराठीतून घेतलेल्या क्रियापदांना तिनं वेगळा 'उ'कारान्त गट करून दिलाय. जे. क्लान्सी क्लेमेंट्स या अमेरिकन भाषाशास्त्रज्ञांनी तिचा सविस्तर अभ्यास केला आहे, तो आधी वाचून जा. रोमान्सच्या याद्यांत ती कधी असते, कधी नसते. तिथे कोणाच्या घरी बसायला मिळालं तर "किल्लीला काय म्हणता?" असं विचारू नका. दाराच्या कुलपाकडे बोट दाखवा आणि गप्प राहा.